डोळ्यांनी निवडलेलं फूल

मंडळी, मे महिन्याच्या उकाड्यात थंड मुलखातल्या फुलाबद्दल ऐकायला आपण आलात, तेव्हा एक गोष्ट आधीच सांगून टाकतो. दाढीवाला आयरिस पुण्यात लावायच्या फंदात पडू नका. त्याला हिवाळ्यात कडक थंडी लागते आणि फुलून झाल्यावर कोरडी जमीन. आपल्या पावसाळ्यात त्याचा कंद कुजतो, आणि त्या कुजक्या कंदाचा वास हा आजच्या व्याख्यानाचा विषय नाही.

एप्रिल-मेमध्ये जे काश्मीरला जाऊन आले, त्यांच्या नजरेखालून तो गेला असेल. ट्यूलिपच्या बागेची घाई असते, त्यामुळे वाटेतल्या कब्रस्तानांकडे कोण पाहतं? थडग्यांवर पांढरी-जांभळी फुलं उभी असतात. तीन पाकळ्या वर उचललेल्या, तीन खाली झुकलेल्या, आणि झुकलेल्या पाकळीवर मधोमध केसांची पट्टी. हीच ती दाढी. यातल्या पांढऱ्याला आयरिस काश्मिरियाना हे नाव बेकर या इंग्रज वनस्पतिशास्त्रज्ञाने १८७७ मध्ये दिलं. त्याला सुगंध आहे. पण वाकून नाक जवळ न्यावं लागतं.

या थडग्यांवरच्या फुलाने पुढे विलायतेतल्या बागांचं रूप पालटायला हातभार लावला. केंब्रिजला शरीरक्रियाशास्त्र शिकवणारे सर मायकेल फॉस्टर यांना आयरिसचा भारी नाद. युरोपातल्या जुन्या बागांमधल्या बहुतेक जातींत २४ गुणसूत्रं असतात. फॉस्टर यांनी पूर्वेकडून मागवलेल्या तुर्की आणि काश्मिरी प्रकारांत निघाली ४८. त्यांच्या संकरातून दांडा जाड झाला, फूल मोठं झालं. फॉस्टर १९०७ मध्ये गेले. नंतरच्या संकरकारांनी त्या मोठ्या फुलाला रंग चढवले, झालरी लावल्या. आजचं प्रदर्शनातलं फूल पाहिलंत तर नटलेल्या करवलीला मागे टाकील असं असतं.

आणि वास? सगळा गेला असं म्हणणं खोटं ठरेल. कित्येक नव्या जाती उत्तम दरवळतात. पण त्या दरवळतात योगायोगाने. निवड करणारा डोळ्याने निवडत होता. छापील सूचीत रंगीत छायाचित्र येतं, वास येत नाही, आणि गिऱ्हाईक चित्रावर बोट ठेवून मागणी नोंदवतं. मग सुगंधी जुन्या जाती टिकल्या कशा? माझं उत्तर असं, की त्या दुकानाने टिकवल्या नाहीत, शेजाऱ्याने टिकवल्या.

याचं कारण झाडाच्या वाढीतच आहे. एका कंदाला एकदाच दांडा येतो. फुलून झालं की त्याच्या कडेने पिल्लं सुटतात आणि पुढचा बहर त्यांच्यावर. तीन-चार वर्षांत एवढी दाटी होते की फुलं कमी होतात, आणि बेट खणून, फोडून निम्मं कुणाला तरी द्यावंच लागतं. न देणाऱ्याच्या बागेत नुसती पानं राहतात. पॅरिसच्या लेमाँ नावाच्या रोपवाटिकावाल्याने १८४० मध्ये आणलेली ‘ओनोराबील’ ही पिवळी-तांबूस जात अशीच अमेरिकेतल्या जुन्या घरांच्या अंगणात सापडते. घर पडलं, माणसं गेली, तरी बेट आहे. बियाण्यातून आलेली नातवंडं नव्हेत ही. लेमाँच्या हातातलं तेच झाड, फोडत फोडत इथवर आलेलं.

इंग्लंडच्या सफक परगण्यात बेंटन एंड या घरी चित्रकार सेड्रिक मॉरिस राहत. त्यांनी आयरिसच्या अनेक जाती तयार केल्या, त्यांतल्या बऱ्याच ‘बेंटन’ हे नाव लावणाऱ्या. रंग चित्रकाराचे: धुरकट, मळकट, जुन्या रेशमाचे. मॉरिस १९८२ मध्ये वारले आणि कंद विखुरले. सिसिंगहर्स्टच्या बागेच्या माजी मुख्य माळी सारा कुक यांनी ते पुन्हा शोधून गोळा केले. शोधता आले, कारण मॉरिस यांनी ते वाटले होते.

वासाबद्दल बोलायचं तर आयरिस पॅलिडापाशी थांबलं पाहिजे. फिकट जांभळं फूल, कळीवर चांदीच्या कागदासारखं पातळ वेष्टन, आणि पिकल्या काळ्या द्राक्षांचा गोड वास. ऊन चढलं की तो वाढतो. गंमत अशी, की अत्तरवाल्यांना त्या फुलाशी काही देणंघेणं नाही. त्यांना कंद हवा. फ्लॉरेन्सच्या आसपासच्या टेकड्यांवर तो पिकतो. ताज्या कंदाला वास जवळजवळ नसतो. सोलून सुमारे तीन वर्षं साठवला की आतली द्रव्यं हवेशी संयोग पावून आयरोन हे वासाचं द्रव्य तयार होतं. टीमान आणि क्र्यूगर या रसायनशास्त्रज्ञांनी १८९३ मध्ये ते ओळखलं. आपल्याकडे बाळगुटीत वेखंड असतं ना, तसाच हा वाळका, गाठाळ तुकडा. युरोपात तोही दात येणाऱ्या बाळाच्या हाती चघळायला देत.

ज्यांची मुलं न्यूजर्सीला आहेत त्यांच्यासाठी एवढं. माँटक्लेअरची प्रेस्बी आयरिस बाग १९२७ पासूनची आहे, मेअखेरीस जा आणि तिथे नाकाने निवडा. कंद जुलै-ऑगस्टमध्ये लावा, दिवसाचं निदान सहा तास ऊन हवं, पाणी थांबता कामा नये. कंदाची पाठ उघडी ठेवा. आपल्या सवयीने खोल पुरू नका, वर पालापाचोळा पसरू नका. नत्राचं खत हात आखडून. आणि शेजारणीने बेट दिलं तर जातीचं नाव विचारून पट्टीवर लिहून ठेवा, कारण नाव एकदा हरवलं की तज्ज्ञांचंही डोकं चालत नाही. फक्त ते कंद सामानात घालून इथे आणू नका. परवाना लागतो, आणि आणून तरी जुलैत काय होणार ते सुरुवातीला सांगितलंच आहे.