दोन पोरं आणि एक अंगण : व्वादिस्वाफ नेहरेबेत्स्की

पोलंडच्या सिनेमाचा विषय निघाला की आपल्या फिल्म सोसायट्यांमध्ये वायदा, किशलोव्स्की या दिग्दर्शकांवर तासन् तास चर्चा होते. व्वादिस्वाफ नेहरेबेत्स्की हे नाव त्या चर्चेत येत नाही, आणि याची मला खंत वाटते. पोलंडमध्ये त्यांच्या कार्टून मालिकेतली बोलेक आणि लोलेक ही दोन पोरं घराघरांत ठाऊक आहेत.

नेहरेबेत्स्की यांचा जन्म 1923 चा, बोरिस्वाफचा. तेलविहिरींचं हे गाव तेव्हा पोलंडमध्ये होतं. दुसऱ्या महायुद्धानंतर सीमा सरकली आणि आज ते युक्रेनमध्ये आहे. 1947 मध्ये कातोवित्से इथे एका वर्तमानपत्राच्या आश्रयानं काही तरुण चित्रकार कार्टूनपट करायला एकत्र आले. नेहरेबेत्स्की त्यांतलेच. पुढे ही मंडळी डोंगरांच्या पायथ्याशी असलेल्या बिएल्स्को (आजचं बिएल्स्को-बियावा) गावात स्थिरावली. तिथला त्यांचा स्टुडिओ सरकारी होता. म्हणजे पैसा सरकारचा आणि विषयांवर नजरही सरकारची.

आता अशा कार्टून मालिकेच्या दहा मिनिटांच्या एका भागाचा हिशेब पाहा. सेकंदाला 24 चौकटी, म्हणजे 14,400 चौकटी. एकेक चित्र दोनदा टिपलं तरी 7,200 वेळा कॅमेऱ्याखाली पारदर्शक ताव मांडायचे. मुख्य हालचाली एकानं काढायच्या, मधल्या दुसऱ्यानं भरायच्या. मग कोणीतरी त्या तावावर शाईनं गिरवायच्या आणि ताव उलटा करून मागच्या बाजूनं रंग भरायचा, म्हणजे समोरून रेषा स्वच्छ राहते. दिग्दर्शकाच्या मनातली पोराची एक उडी इतक्या हातांतून जाते, आणि तरी ती त्या पोराचीच उडी वाटली पाहिजे. दिग्दर्शकाची खरी कसोटी इथे लागते.

1963 मध्ये बोलेक-लोलेक मालिकेचा ‘कुशा’ हा पहिला भाग आला. कुशा म्हणजे चाप ओढून बाण सोडायचं जुनं आडवं धनुष्य. बोलेक उंच, लोलेक बुटका. त्यांच्यामागे नेहरेबेत्स्कींच्या घरातलेच दोन मुलगे होते. पात्रांचं रूप घडवण्यात आल्फ्रेड लेदविग आणि लेशेक लोरेक यांचाही वाटा होता. श्रेयाचा वाद पुढे कोर्टात गेला. ते सगळं इथे उगाळत नाही.

मला मोलाची वाटते ती एक गोष्ट. सुरुवातीच्या या भागांत संवाद जवळजवळ नाहीत. हट्ट, रुसवा, खोडी करण्याआधीची चोरटी नजर, हे सारं अंगाच्या हालचालीतून आणि संगीतातून कळतं. त्यामुळे ही मालिका डबिंगवाचून परदेशी जाऊ शकली, आणि ऐंशीहून अधिक देशांत गेलीही. पण विक्रीची सोय हा झाला फायदा. नेहरेबेत्स्कींनी खेळात रमलेलं मूल नीट पाहिलं होतं. खेळ रंगात आला की मूल फार बोलत नाही, ते करून मोकळं होतं. मोठी माणसं या पोरांच्या जगात क्वचितच डोकावतात. चुकलं तर निस्तरायचंही पोरांनीच. मुलांना उपदेश पाजणाऱ्या चित्रपटांच्या त्या काळात मुलांवरचा हा विश्वास मला फार मोठा वाटतो.

पोलिश टीव्हीवर रोज संध्याकाळी बातम्यांच्या आधी मुलांसाठी छोटा कार्यक्रम असे. ही पोरं तिथे आली आणि घरचीच होऊन गेली. त्याच स्टुडिओत लेहोस्वाफ मार्शावेक यांनी 1967 मध्ये रेक्सिओ हा कुत्रा आणला. तोही तितकाच लाडका. नेहरेबेत्स्कींनी मात्र आपल्या जोडीला अंगणातून जगभर धाडलं, 1973 मध्ये तोला ही मैत्रीण सोबतीला दिली. 1977 मध्ये स्तानिस्वाफ द्युल्झ यांच्यासह केलेल्या ‘बोलेक आणि लोलेक यांचा मोठा प्रवास’ या पूर्ण लांबीच्या चित्रपटात तर ज्यूल व्हर्नच्या कादंबरीची आठवण ठेवून ऐंशी दिवसांत पृथ्वीप्रदक्षिणा घडवली.

पुढच्याच वर्षी, 55 व्या वर्षी, ते बिएल्स्को-बियावा इथे वारले. सहकाऱ्यांनी मालिका 1986 पर्यंत चालवली. ‘मोठा प्रवास’ हा चित्रपट देखणा आहे, पण त्यात ही पोरं बोलायला लागतात आणि माझ्या मते त्यांची थोडी जादू तिथे कमी होते. म्हणून आपल्या मुलांना दाखवणार असाल तर आधी ते जुने, मुके, दहा मिनिटांचे भाग दाखवा. भाषांतराची गरज पडणार नाही.