नंदिता दास : कॅमेऱ्यापुढून मागे
(कार्यकर्त्यांच्या शिबिरातील भाषण)



नंदिता दास आपल्याला माहीत आहे ती ‘फायर’मुळे. दीपा मेहतांचा हा सिनेमा १९९६चा. १९९८च्या डिसेंबरात मुंबई-दिल्लीत त्याच्यासाठी थिएटरं फोडली गेली, तेव्हा स्त्री-संघटना रस्त्यावर उतरल्या होत्या. मला ती जवळची वाटते याला आणखी एक कारण आहे. तिनं दिल्लीत माझ्यासारखंच एम.एस.डब्ल्यू. केलं आणि जन नाट्य मंचाबरोबर पथनाट्यंही केली.

सुशिक्षित, सुखवस्तू बाईची भूमिका असली की मेकअपनं रंग जरा उजळ करू या, असं तिला सुचवलं जाई. हे तिनंच जाहीरपणे सांगितलंय. खेड्यातली बाई असली की मात्र तोच सावळा रंग चालतो! चित्रा पालेकरांच्या ‘माती माय’मध्ये (२००६) मराठीनंही तो पाहिला.

‘बवंडर’ (२०००) तुमच्यापैकी काहींनी पाहिला असेल. भंवरीदेवी ही राजस्थानच्या महिला विकास कार्यक्रमातली साथिन, म्हणजे आपल्यातलीच. बालविवाह थांबवायला गेली म्हणून १९९२ साली तिच्यावर सामूहिक बलात्कार झाला. १९९५ मध्ये कोर्टानं आरोपींना त्या आरोपातून सोडलं. १९९७चा विशाखा निकाल याच प्रकरणातून आला आणि २०१३चा कायदा त्यावरच उभा राहिला. नाव तेवढं बदलून नंदितानं ती भूमिका केली, जीव ओतून केली. पण तो प्रसंग किती वेळ दाखवायचा, कॅमेरा कुणाच्या नजरेनं लावायचा, हे नटीच्या हातात नसतं. (आपणही आता मोबाइलवर बायकांचे अनुभव चित्रित करतो. तिथं हे कोण ठरवतं?)

२००८ मध्ये ते तिच्या हातात आलं. ‘फिराक’ हा तिनं दिग्दर्शित केलेला पहिला सिनेमा. गुजरातमधल्या २००२च्या हिंसाचारानंतर महिन्याभरानं त्याची गोष्ट सुरू होते. कत्तल तिनं दाखवलेली नाही. दाखवली आहे आरती. दीप्ती नवलनं ही भूमिका केलीय. दंगलीत जिवाच्या आकांतानं आलेल्या एका मुसलमान बाईला तिनं दार उघडलं नाही. आता स्वयंपाकघरात ती स्वतःच्या हातावर गरम तेल टाकून घेते. नवऱ्याचा मारही खाते.

आपल्या पोस्टरवर ही बाई बसत नाही. आपल्याला पीडित बाई निर्दोष लागते. सल्ला केंद्रात मारहाणीची तक्रार घेऊन एखादी येते आणि बोलता बोलता कळतं, की सुनेला हिनंच उपाशी ठेवलंय. मग आपण केसपेपरवर अर्धीच हकिगत लिहितो. नंदितानं पुरती लिहिली, आणि तरीही आरतीवरची माया सोडली नाही. नुसती नटी राहिली असती तर तिला हे करता आलं नसतं, असं माझं मत आहे.

त्यानंतर ‘मंटो’ २०१८ मध्ये आणि भुवनेश्वरमधल्या डिलिव्हरी कामगाराच्या घरावरचा ‘झ्विगॅटो’ २०२२ मध्ये. चौदा वर्षांत तीन मोठे सिनेमे, बस्स. स्टुडिओच्या गल्ल्याशी जुळवून न घेणाऱ्या दिग्दर्शिकेला पैसा असाच, सावकाश मिळतो.

दुपारी ‘फिराक’ दाखवणार आहोत. नंतरच्या गटचर्चेत आरतीपासूनच सुरुवात करू. आपल्या केंद्रातली अशी एखादी केस प्रत्येकीनं आठवून ठेवा, नाव न घेता.