लेकरू विचार कसे करते
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



वर्धापनदिनाला बाहेरची कोणी विदुषी बोलवायची आपल्या मंडळाची रीत आहे. यंदा चालकांनी ठरवले की घरच्याच बाईने बोलावे, आणि माझे नाव पुढे आले. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. परंतु दोन लेकरे वाढवली, आता लेकीचा मुलगा अंगाखांद्यावर खेळतो, आणि पाच वर्षे मी आपल्या बालवाडीत मदतीला जाते. थोरली लेक डी.एड. झाली तेव्हा तिची पुस्तके मी दुपारच्या वेळी वाचून काढली. जे उमगले नाही ते तिने समजावून दिले. एवढ्याच भांडवलावर मी उभी आहे.

विषय मी मुद्दाम निवडला. आपल्याला ठाऊक आहे की बालवाडीतल्या सहा आयांनी मंडळाकडे अर्ज दिला आहे. तीन वर्षांच्या लेकरांना पाटी द्यावी, ए बी सी डी आणि शंभरापर्यंत अंक लिहून घ्यावेत, नाहीतर आम्ही लेकरे दुसरीकडे घालू, असे त्यात म्हटले आहे. दोन लेकरे गेलीही. आणखी गेली तर बाईंचा पगारही निघणार नाही. पुढच्या बैठकीत याचा निकाल लागायचा आहे. अर्ज करणाऱ्या आया येथेच बसल्या आहेत, त्यांच्यावर माझा राग नाही. लेकरू मागे पडू नये असे कोणत्या माउलीला वाटत नाही? पण लेकरू शिकते कसे, हे आधी पाहू आणि मग पाटीचे ठरवू.

मांडीवरचे लेकरू चमचा खाली टाकते. आपण उचलून देतो, ते पुन्हा टाकते. दहा वेळा झाले की आपण चिडतो. पण त्याच्याकडे नीट पाहा. ते चमचा कुठे पडतो ते पाहते, आवाज ऐकते, मग आपल्या तोंडाकडे पाहते. चमचा टाकला की दरवेळी खालीच जातो का, आणि आई दरवेळी उचलते का, हे ते पडताळून पाहत असते. चार महिन्यांच्या लेकराचा खुळखुळा गोधडीखाली झाकला तर ते शोधत नाही, त्याच्या लेखी खुळखुळा संपला. तेच वर्षाच्या आतबाहेर झाले की गोधडी ओढून काढते. डोळ्यांआड झालेली वस्तूही असते, हे त्याला कळलेले असते. कोणी शिकवले? कोणी नाही.

बोलण्याचे तर याहून नवल आहे. आपली तीन-साडेतीन वर्षांची लेकरे ‘मी केलं’ असे न म्हणता ‘मी करलं’ म्हणतात, ‘गेला’ऐवजी ‘जाला’ म्हणतात. आपण हसतो. पण भगिनींनो, घरात कोणी ‘करलं’ म्हणते का? मग ते आले कोठून? लेकराने ‘बसला, हसला, बोलला’ ऐकले, त्यातून आपल्या मनाशी नियम काढला, आणि तो ‘कर’ला लावला. चूक त्याची नाही, आपली भाषाच तेथे नियम मोडते. ज्या लेकराला पाटीवर ‘क’ काढता येत नाही, ते डोक्यात व्याकरण मांडत असते. म्हणून अशा वेळी हसू नये आणि टोकूही नये. ‘हो का, तू केलंस?’ असे बरोबर रूप सहज बोलून जावे. ते आपोआप उचलते.

आता घरी करून पाहण्यासारखी एक गंमत सांगते. पाच वर्षांच्या लेकरासमोर दोन सारखी फुलपात्रे काठोकाठ भरा. दोन्हींत पाणी सारखे आहे ना, असे विचारा. ते हो म्हणेल. मग त्याच्या डोळ्यांदेखत एकातले पाणी उंच, निमुळत्या पेल्यात ओता आणि पुन्हा विचारा. बहुतेक लेकरे सांगतात, पेल्यात जास्त आहे. चिंचोक्यांचेही तसेच. सहा-सहाच्या दोन ओळी मांडून एक ओळ लांबवर पसरली की लेकराला ती जास्त वाटते. स्वित्झर्लंडचे पियाजे नावाचे एक पंडित होते (जन्म १८९६, मृत्यू १९८०). त्यांनी जन्मभर लेकरांना असलेच प्रश्न विचारले. त्यांचे म्हणणे असे की लेकरू मूर्ख नसते, त्या वयाची विचाराची तऱ्हाच निराळी असते. सहा-सात वर्षांच्या सुमारास तेच लेकरू आपल्यालाच समजावते की पाणी तेवढेच आहे, नुसते उंच झाले. पुढच्या लोकांनी अशा परीक्षा पुष्कळ केल्या आणि दाखवले की प्रश्न साधा केला तर लेकरांना पियाजेंना वाटले त्याहून लवकर कळते. ते असो. आपण घ्यायचे ते हे की ज्याला पसरलेले सहा चिंचोके जास्त वाटतात, त्याने शंभरापर्यंतचे अंक घोकले तरी ती नुसती आरती पाठ केल्यासारखी आहे.

अंकांचे आणखी एक. २९ या आकड्यात डोळ्यांना दोन आणि नऊ दिसतात. कानाला ऐकू येते ‘एकोणतीस’. त्यात ना दोन ना नऊ, तिसाला एक उणा असा त्याचा अर्थ. ‘त्रेसष्ट’ म्हणताना तीन आधी, लिहिताना सहा आधी. यामुळे मुले ६३ चे ३६ करतात आणि मार खातात. २०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या गणितात ‘वीस एक, साठ तीन’ अशी वाचनाची सोपी रीत दिली, तेव्हा केवढा गहजब झाला! विधानसभेपर्यंत गोष्ट गेली, थट्टा झाली. गणित समितीच्या प्रमुख डॉ. मंगला नारळीकर यांनी शांतपणे सांगितले की जोडाक्षरांच्या आणि उलट्या क्रमाच्या या नावांनी लहान मुले अडखळतात. मला स्वतःला पाढे जुन्याच बोलीत गोड लागतात. पण मुलाच्या बाजूने विचार करून कोणी एवढे पाहिले, याचे मला कौतुक वाटले. त्या २०२३ साली वारल्या.

मग लेकराला संख्या शिकवायची कशी? आपल्या आयांनी शिकवली तशी. आपण सगळ्या गजगे खेळलो आहोत, ज्यांना पुण्याकडे सागरगोटे म्हणतात. पाच गजगे. एक वर फेकायचा आणि खालचे चार उचलायचे. आधी एकेक करून चार वेळा, मग दोन-दोन, मग तीन आणि एक, मग चारही एकदम. चाराचे कितीतरी तऱ्हांनी तुकडे या खेळात पडतात, तेही बोटांनी, डोळ्यांनी आणि श्वास रोखून. याहून चांगले गणिताचे साधन बाजारात असेल तर मला दाखवा. तसेच निवडण्याचे. मूग, मटकी, हरभरा एकत्र करून लेकरापुढे ठेवा आणि वेगळे करायला सांगा. मग विचारा, ‘कसं ठरवलंस?’ हा प्रश्न मला फार मोलाचा वाटतो. रंगावरून ठरवले की आकारावरून, हे सांगताना त्याला आपलाच विचार ऐकू येतो. शेंगा फोडणे, कणकेच्या गोळ्या करणे, फुले ओवणे यांनी बोटांत ताकद येते, आणि ती आल्यावर पेन्सिल आपोआप नीट धरता येते. तीन वर्षांच्या हाताला ती ताकद नसते. माझ्या नातवाला शहरातल्या एका शाळेत घातले होते, नाव घेत नाही. दोन महिन्यांत त्याची वही ए आणि बी यांनी भरून गेली, आणि दिवसभर ‘हे का, ते का’ विचारणारे लेकरू मुके झाले. रात्री हात चोळायला लावी. लेकीने त्याला काढले. पुन्हा ‘का’ सुरू व्हायला दिवाळी उजाडली.

हे सगळे मी आज नवीन सांगते आहे असे नाही. इटलीत मारिया माँटेसरी यांनी १९०७ साली रोम शहरातल्या गरीब वस्तीत बालगृह काढले. भावनगरला गिजुभाई बधेका यांनी वकिली सोडून १९२० साली बालमंदिर सुरू केले. लोक त्यांना कौतुकाने मिशाळ आई म्हणत! त्यांच्याबरोबर काम केलेल्या आपल्या ताराबाई मोडक आणि त्यांच्या जोडीच्या अनुताई वाघ यांनी १९४५ साली डहाणूकडच्या बोर्डीला खेड्यातली बालवाडी काढली. महागडी साधने परवडणारी नव्हती. त्यांनी शंख-शिंपले, बिया, पाने, खडे घेतले. आदिवासींची लेकरे शाळेकडे येईनात, तर बाई त्यांच्या अंगणात गेल्या. अंगणवाडी हा शब्द त्यातून आला. सरकारने २ ऑक्टोबर १९७५ रोजी देशात ३३ ठिकाणी योजना सुरू केली, तेव्हा हेच नाव सगळीकडे गेले. पुढे कोसबाडच्या टेकडीवर त्यांनी पाळणाघर, बालवाडी आणि शाळा एकाच आवारात ठेवली, कारण थोरली बहीण धाकट्याला कडेवर घेऊनच शाळेत येऊ शकत होती. गुरे राखणाऱ्या मुलांसाठी कुरणावर शाळा नेली. अनुताई स्वतः लहानपणी विधवा झालेल्या, हे आपल्या बायकांनी विसरू नये.

अंगण म्हटले की मला आपल्या जिल्ह्यातली कोयत्यावर जाणारी घरे आठवतात. दसरा झाला की गंगाखेड, सोनपेठ, पालमकडची कित्येक जोडपी मुकादमाची उचल घेऊन कारखान्याच्या गावाला जातात आणि उन्हाळा लागताना परततात. लेकरे कोपीत वाढतात, नाहीतर गावात आजीजवळ राहतात. आपल्या बालवाडीत अशी चार आहेत. त्यांच्यातल्या एकाचा दहा वर्षांचा भाऊ मोळ्यांचा आणि पैशांचा हिशोब तोंडी अचूक करतो, आणि वहीवर तेच गणित चुकवतो. शाळेत त्याला ढ म्हणतात. ब्राझील देशात रस्त्यावर नारळ-फळे विकणाऱ्या पाच मुलांची अशीच परीक्षा घेतली, ती १९८५ साली छापून आली. गाड्यावर विचारले तेव्हा शंभरात ९८ उत्तरे बरोबर, तीच गणिते कागदावर दिली तेव्हा ३७. डोके तेच होते, पण कागदावरचे गणित त्यांच्या हिशोबाला कोणी जोडून दिले नव्हते. ती जोडणी आपण लहानपणीच करून दिली पाहिजे, आणि ती बोलण्यातून होते. म्हणून मोबाइल हातात देऊन घास भरवण्याची जी नवी तऱ्हा निघाली आहे ती मला पसंत नाही. दोन वर्षांच्या आतल्या लेकराला पडदा दाखवूच नये, आणि चार वर्षांपर्यंत दिवसाला तासाहून जास्त नको, असे जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ साली सांगितले आहे. मोबाइल ‘कसं ठरवलंस?’ असे विचारून उत्तराची वाट पाहत नाही.

२०२० च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणानेही तीन ते आठ वर्षे हा एकच पाया धरला आहे. त्यात खेळावर आणि घरच्या भाषेवर भर आहे, आणि पहिलीचे वय सहा ठरवले आहे. तेव्हा अर्ज करणाऱ्या बहिणींना माझी सूचना अशी. तीन आणि चार वर्षांच्यांना पाटी नको. पाच वर्षांच्यांना, ज्यांची बोटे तयार आहेत त्यांना, रोज अर्धा तास पाटी द्यावी, आणि इंग्रजी गाणी-गोष्टी तोंडी चालू कराव्यात. शनिवारी प्रत्येक आईने आळीपाळीने एक तास वर्गात बसावे आणि आपले लेकरू काय काय करते ते स्वतः लिहून ठेवावे. सहा महिन्यांनी त्या वह्या घेऊन पुन्हा बसू. तेव्हाही पाटीच हवी वाटली तर मी आडवी येणार नाही. कोयत्यावरच्या चार लेकरांची फी मात्र मंडळाने हंगामभर मागू नये, हे माझे वेगळे मागणे आहे, ते कार्यवृत्तात नोंदवावे.

पिशवीभर चिंचोके आणि दोन सारखी फुलपात्रे मी बरोबर आणली आहेत. चहाच्या वेळी ज्यांना आपल्या लेकराची परीक्षा पाहायची असेल त्यांनी टेबलाजवळ यावे.