दाताचं नाव, घराण्याचं नाव



मला आज एकाच शब्दाबद्दल बोलायचं आहे. वेळ थोडा आहे, म्हणून मुद्दा आधीच सांगून टाकते. ‘लॅबिरिंथोडॉन्ट’ हे एका दाताच्या घडणीचं नाव आहे. त्याला घराण्याचं नाव समजू नका. एवढं एक वाक्य लक्षात राहिलं तरी माझं आजचं काम झालं. पण ते राहत नाही, असा माझा अनुभव आहे, म्हणून पुन्हा पुन्हा सांगणार आहे.

प्राणिशास्त्राच्या उत्तरपत्रिका मी वर्षानुवर्षं तपासल्या. उभयचरांच्या उत्क्रांतीवर प्रश्न आला की उत्तर ठरलेलं: ‘लॅबिरिंथोडॉन्ट हे आजच्या बेडकांचे पूर्वज होत.’ खाली दोन रेघा मारून अधोरेखित केलेलं. मुलांना तरी कशाला बोल लावायचा? गाइडात तेच, प्रश्नसंचात तेच, आणि तक्त्यावर माशाच्या वर आणि बेडकाच्या खाली त्याच नावाची चौकट. अहो, या वाक्यातला कर्ताच मुळात ठरलेला नाही! कोण होते बेडकांचे पूर्वज? त्या चौकटीतले सगळे? की त्यातले काही? त्यातले काही तर तुमचे-माझे पूर्वज असण्याची शक्यता जास्त आहे, त्यांचं काय करायचं?

जरा दाताकडे चला, कारण हा सगळा प्रकार दातापासूनच सुरू झाला. इंग्लंडमध्ये वॉरविकशायर भागातल्या वालुकाश्मात काही शंकूसारखे दात सापडत होते. टोकाशी गुळगुळीत, आणि बुडाकडे यावं तशा उभ्या, बारीक खाचा. नुसतं बघितलं तर मगरीचा दात म्हणून कुणीही बाजूला ठेवला असता. रिचर्ड ओवेन यांनी तो आडवा कापला, त्याची चकती इतकी पातळ घासली की उजेड आरपार जावा, आणि सूक्ष्मदर्शकाखाली धरली. हे १८४० च्या आसपासचं. ‘डायनोसॉर’ हा शब्द ओवेन यांनी अजून घडवायचा होता. त्या चकतीच्या कडेवर जिथे जिथे बाहेरून खाच दिसत होती, तिथून एक काळसर रेघ आत शिरत होती. सरळ नाही. नागमोडी, मध्येच वळसे घेत, मधल्या पोकळीच्या दिशेनं. अशा कितीतरी रेघा सगळ्या बाजूंनी, आणि मधल्या पोकळीचे फाटे त्यांच्या मधून बाहेरच्या दिशेला आलेले. ओवेन यांना ग्रीक कथेतला भूलभुलैया आठवला आणि त्यांनी प्राण्याला नाव दिलं ‘लॅबिरिंथोडॉन’. भूलभुलैयाच्या दाताचा.

आता ही घडण डोळ्यांपुढे यावी म्हणून नऊवारी लुगडं आठवा. नऊ वार कापड, आणि ते बसवायचं कमरेच्या वितभर जागेत. मग बाई काय करते? निऱ्या घालते. एकावर एक, एकीत एक. बाहेरून नुसत्या उभ्या रेघा दिसतात, पण आत केवढं कापड दडलेलं असतं ते उलगडल्यावरच कळतं. या दातात तेच झालं आहे. दाताचं मुख्य द्रव्य, म्हणजे डेंटिन, त्याच्या थराला निऱ्या पडल्या आहेत, आणि बाहेरच्या खाचा म्हणजे त्या निऱ्यांच्या कडा. निऱ्या नीट खोचून काष्टा घट्ट घातला की शेतात वाकलं, विहिरीवर पाणी शेंदलं, तरी लुगडं जागचं हलत नाही. दाताच्या बुडाशी घड्या असण्याचा उपयोगही असाच सांगतात: दात जबड्याला घट्ट धरून राहतो, आणि तडफडणारं भक्ष्य पकडताना लागणारा ताण सोसतो.

हे लुगडं सोडू नका. मला ते पुढे पुन्हा लागणार आहे.

घोटाळा पुढच्या पायरीवर झाला. एका प्राण्याचं नाव होतं ते हळूहळू सगळ्या गटाचं झालं. ज्याच्या दातात अशा घड्या, तो लॅबिरिंथोडॉन्ट. यात आपल्या विदर्भाचाही वाटा आहे, आणि तो नागपूरकरांना माहीत असायला हवा. स्टीफन हिस्लॉप हे स्कॉटिश मिशनरी. नागपुरातलं हिस्लॉप कॉलेज त्यांच्या नावाचं. ते आणि त्यांचे सहकारी रॉबर्ट हंटर सवड मिळेल तेव्हा हातोडी घेऊन दगड फोडत हिंडायचे. नागपूरच्या दक्षिणेला वर्धा नदीच्या खोऱ्यात मांगली म्हणून गाव आहे. तिथल्या वालुकाश्मातून एक कवटी मिळाली आणि ती लंडनला गेली. तोंड आखूड, डोकं रुंद, डोळ्यांच्या खोबण्या पार पुढे सरकलेल्या. ओवेन यांनी १८५५ मध्ये तिचं वर्णन छापलं आणि नाव ठेवलं ‘ब्रॅकिऑप्स लॅटिसेप्स’. आखूड चेहऱ्याचा, रुंद डोक्याचा. नाव अगदी चपखल. पण त्या लेखाच्या शीर्षकात ते तिला काय म्हणतात? ‘लॅबिरिंथोडॉन्ट सरपटणारा प्राणी’! उभयचरांना त्या काळी सरपटणाऱ्यांतच धरायचे. म्हणून जुनं लिखाण वाचताना हा शब्द दिसला की आधी साल बघावं, असं मी विद्यार्थ्यांना सांगत आले. १८५५ मधल्या ‘लॅबिरिंथोडॉन्ट’चा अर्थ वेगळा आणि १९४७ मध्ये आल्फ्रेड रोमर यांनी मोठा आढावा घेतला त्यातल्या ‘लॅबिरिंथोडॉन्ट’चा वेगळा. शब्द तोच, आतली माणसं बदललेली. माणसं म्हणजे प्राणी म्हणायचं आहे मला.

त्या काळी लोकांच्या डोळ्यांपुढे या प्राण्याचं चित्र काय होतं, तेही सांगायला हवं. जर्मनीत हिल्डबुर्गहाउझेन इथे दगडात हाताच्या पंजासारखे ठसे सापडले होते. त्यांना नाव पडलं ‘कायरोथेरियम’, हाताचा पशू. ओवेन यांनी अंदाज केला की ठसे लॅबिरिंथोडॉनचेच असावेत. झालं! लंडनला क्रिस्टल पॅलेसच्या बागेत १८५४ मध्ये प्राचीन प्राण्यांचे पुतळे उभे राहिले, त्यांत लॅबिरिंथोडॉन म्हणून चक्क अवाढव्य बेडूक बसवले. ते आजही तिथे आहेत. प्रत्यक्षात ते ठसे मगरींच्या दूरच्या भावकीतल्या, जमिनीवर चालणाऱ्या प्राण्यांचे निघाले, आणि लॅबिरिंथोडॉनच्या जातीचे प्राणी लांब शेपटीचे, चपट्या डोक्याचे, पाण्यात दबा धरून बसणारे. त्यांच्यातला जर्मनीचा मास्टोडॉनसॉरस घ्या. नुसती कवटी मीटरभराहून लांब. याला बेडूक म्हणायचं?

पण चित्र चुकणं समजू शकतं. पुरावा मिळाला, चित्र बदललं. शब्दाची चूक अजून बदलत नाही, ते मला खटकतं.

दातात घड्या आहेत म्हणून नातं आहे, असं म्हणता येत नाही. का? पहिलं कारण, मासा. कॅनडात सापडलेला युस्थेनॉप्टेरॉन, ३८ कोटी वर्षांपूर्वीच्या आसपासचा, मांसल परांचा. त्याच्या दातात या घड्या आहेतच. म्हणजे पाय फुटायच्या आधीच निऱ्या पडलेल्या होत्या. ग्रीनलंडचा इक्थिओस्टेगा त्या घेऊनच चार पायांवर आला. त्यानं काही नवं केलेलं नाही. दुसरं कारण तर आपल्या बांधावर आहे. घोरपड! घोरपडीच्या कुळातल्या दातांच्या बुडाशीही डेंटिनला घड्या असतात. घोरपड शंभर टक्के सरपटणारा प्राणी, उभयचरांशी तिचा काही संबंध नाही, आणि तिच्या घड्या तिच्या स्वतःच्या वाटेनं आलेल्या. मग सांगा, घडी बघून घराणं कसं ठरवणार?

आता ते लुगडं. समजा, एखाद्या गावात तुम्ही ठरवलंत की नऊवारी नेसणाऱ्या सगळ्या बायका म्हणजे एक घराणं. पणजी नेसते, आजी नेसते, त्या आल्या. नात पाचवारी नेसते किंवा सलवार-कमीज घालते. ती गेली घराण्याबाहेर! सख्खी नात, पण बाहेर. आणि पलीकडच्या आळीतली, जिचं यांच्याशी सात पिढ्यांत नातं नाही, ती नऊवारी नेसते म्हणून आत. अशी वंशावळ कुणी लिहिली तर आपण तिला वंशावळ म्हणू का? पण ‘लॅबिरिंथोडॉन्ट’ या गटात नेमकं हेच झालं. पलीकडच्या आळीतल्या घोरपडीला कुणी त्यात घातलं नाही हे खरं, पण नातीला बाहेर ठेवलं. गटातल्या एका शाखेतून सरपटणारे प्राणी, पक्षी आणि आपण सस्तन प्राणी आलो, असं दिसतं. दुसऱ्या शाखेतून बहुधा बेडूक-सॅलॅमँडर आले. या दोन्हींच्या दातांत निऱ्या राहिल्या नाहीत. बेडकाचा दात तर निराळाच, मध्ये कमकुवत सांधा असलेला, दोन तुकड्यांचा. म्हणजे लेकीसुना बाहेर आणि आज्या-पणज्या तेवढ्या आत. उरलं ते घराणं नव्हे, एका काळचा नेसण्याचा प्रकार उरला.

म्हणून पुन्हा म्हणते. हे दाताच्या घडणीचं नाव आहे.

ज्यांना खरी घराणी लावायची होती ते दात सोडून मणक्यांकडे वळले. यावर स्वतंत्र बोलायला हवं, आज धावतं सांगते. या प्राण्यांचा मणका एकसंध नसायचा, तुकड्यांचा असायचा. पुढे खाली एक मोठा तुकडा आणि मागे वर दोन लहान, अशी ठेवण ज्या मोठ्या शाखेत दिसते तिला ‘टेम्नोस्पॉन्डिल’ म्हणतात, तुटक मणक्यांचे; झिटेल यांनी १८८८ मध्ये दिलेलं नाव. दुसऱ्या शाखेत मागचा तुकडा वाढत गेला, आणि आपल्या पाठीचा मणका त्या बाजूचा आहे. मांगलीचा ब्रॅकिऑप्स पहिल्या शाखेतला. गडचिरोलीत सिरोंचाला उभं राहून प्राणहितेच्या पलीकडे बघितलं तर तेलंगणातला जो मुलूख दिसतो, त्यातल्या मालेरीच्या लाल मातीच्या थरांतून निघालेला मेटोपोसॉरसही त्याच शाखेतला. कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेतल्या संशोधकांनी त्याच्यावर पिढ्यान्‌पिढ्या काम केलं, आणि अलीकडे भारतीय प्राणी वेगळा ठरवून त्याला ‘पँथासॉरस’ हे नवं नाव दिलं. नाव का बदललं, याचा एकेक हाडागणिक हिशेब त्यांनी दिला आहे. काम असं असावं!

मग हा शब्द टाकून द्यायचा का? मुळीच नाही. उत्तम शब्द आहे, त्याच्या जागी ठेवा. ‘या प्राण्याचा दात लॅबिरिंथोडॉन्ट आहे’ असं लिहा, बिनदिक्कत लिहा. युस्थेनॉप्टेरॉनबद्दल लिहा, ब्रॅकिऑप्सबद्दल लिहा. जुन्या ग्रंथाचं सार देताना ‘त्या काळच्या वर्गीकरणातले लॅबिरिंथोडॉन्ट’ असं लिहा. पण ‘लॅबिरिंथोडॉन्टपासून बेडूक झाले’ हे वाक्य शिक्षकांनी फळ्यावर लिहू नये, आणि मुलांनी लिहिलं तर गुण द्यायच्या आधी समासात एक प्रश्न लिहावा: ‘कोणत्या?’ मला ठाऊक आहे, पेपर तपासायला दिवस कमी असतात. तरीही लिहा. संग्रहालयात लेबलं लिहिणाऱ्यांनाही माझी हीच विनंती. पाटीवर ‘टेम्नोस्पॉन्डिल’ लिहायला जागा लागते ती तेवढीच लागते. शाखा ठाऊक नसेल तर ‘प्राचीन उभयचर’ लिहावं. त्यात काही कमीपणा नाही.

आता बेडूक नक्की कुठून आले, हा खरा गोड प्रश्न शिल्लक राहिला. टेक्ससमध्ये सापडलेल्या गेरोबॅट्रॅकस नावाच्या एका छोट्या टेम्नोस्पॉन्डिलचं वर्णन २००८ मध्ये आलं, आणि त्याची कवटी बघून पुष्कळांना वाटलं की धागा हाती लागला. इतर संशोधकांनी मात्र देवगांडुळांचं, म्हणजे आपल्या कोकणात मातीत राहणाऱ्या बिनपायांच्या उभयचरांचं मूळ दुसरीकडे शोधलं आणि... नाही, आता सुरू केलं तर मधेच तोडावं लागेल. स्टुडिओच्या काचेपलीकडून वेळ संपल्याची खूण झाली आहे. ऑस्ट्रेलियातला कूलासुकसही राहिला. बाकीचे टेम्नोस्पॉन्डिल संपून कितीतरी काळ लोटल्यावर, १२ कोटी वर्षांपूर्वीच्या सुमारास, तो तिथल्या थंड नद्यांत टिकून होता. पुन्हा बोलावलं तर तिथून सुरू करीन. तोवर ज्यांच्याकडे जुनं पाठ्यपुस्तक असेल त्यांनी ती चौकट काढून तिच्यात नेमके कोणकोणते प्राणी कोंबले आहेत, ते एकदा बघून ठेवा.