‘सँक्च्युअरी’ या शब्दाविषयी थोडेसे

(वार्षिक संमेलनातील व्याख्यानाचा मजकूर)



संमेलनात मी जे बोललो ते लिहून द्यावे, असा स्मरणिकेच्या संपादक मंडळाचा आग्रह पडला. बोलताना माणूस हातवारे करून वेळ मारून नेऊ शकतो, लिहिताना ती सोय नसते. म्हणून त्या दिवशी घाईत राहून गेलेल्या काही गोष्टी येथे घातल्या आहेत आणि केवळ हशा मिळावा म्हणून सांगितलेले काही गाळले आहे.

मी जन्मभर इंग्रजीचा मास्तर. चंद्रपूरच्या आपल्या मुलांना घरी उर्दू किंवा दखनी वळणाची हिंदी, रस्त्यावर झाडीपट्टीची मराठी आणि वर्गात इंग्रजी, अशा तीन घाटांवर पाणी भरावे लागते. त्यामुळे एकेका शब्दावर आमचा कधीकधी अर्धा तास जाई. असाच एक शब्द मला आज चाळीस वर्षांनीही सोडावयास तयार नाही. तो शब्द म्हणजे ‘सँक्च्युअरी’.

१९८६ साली अंधारी नदीच्या नावाचे अभयारण्य जाहीर झाले. त्यानंतरच्या एक-दोन वर्षांतील ही गोष्ट. नववीच्या वर्गात भाषांतरासाठी एक उतारा दिला होता आणि त्यात ‘वाइल्डलाइफ सँक्च्युअरी’ असे शब्द होते. एका मुलाने शब्दकोश उघडला, त्यात पहिलाच अर्थ ‘पवित्र स्थान, देवालय’ असा सापडला आणि त्याने प्रामाणिकपणे लिहिले : ‘वन्य प्राण्यांचे देवालय’. वर्ग खो खो हसला. मीही हसलो, हे कबूल केले पाहिजे. तेवढ्यात मागच्या बाकावरचा एक मुलगा उठला. जंगलाच्या कडेच्या गावचा, शिक्षणासाठी शहरात मामाकडे राहणारा. तो म्हणाला, “सर, सेंचुरी म्हंजे बंदी. आमच्या गावाले सेंचुरी लागली.”

‘सेंचुरी’ ऐकताच वर्गाला गावसकर आठवला आणि पुन्हा हशा पिकला. मुलगा मात्र हसला नाही. “आता मोहफुलं येचू देत नाई, ढोरं चारू देत नाई,” एवढे बोलून तो खाली बसला. मी त्याला सांगितले की शब्दकोशात असा अर्थ नाही. पाठ पुढे चालू केला.

नंतर मला वाटू लागले की त्या दिवशी वर्गात तीन उत्तरे आली होती, देवालय, अभयारण्य आणि बंदी, आणि त्यांतील एकही चूक नव्हते.

आधी शब्दाचे मूळ पाहू. लॅटिन भाषेत ‘सँक्टस’ म्हणजे पवित्र. त्यापासून ‘सेंट’ म्हणजे संत झाला, ‘सँक्टिटी’ म्हणजे पावित्र्य झाले आणि ‘सँक्च्युअरी’ म्हणजे पवित्र वस्तू ठेवण्याची जागा झाली. ख्रिस्ती देवळात वेदीच्या भोवतीचा भाग तो सँक्च्युअरी. आपल्या महाकालीच्या किंवा मार्कंड्याच्या देवळातील गाभाऱ्याला इंग्रजीत ‘सँक्टम’ म्हणतात, तोही याच मुळाचा. मशिदीत गाभारा नसतो. तरी इंग्रज वास्तुतज्ज्ञ आपल्या ग्रंथांतून मशिदीच्या नमाजाच्या दालनाला बेलाशक ‘सँक्च्युअरी’ म्हणून मोकळे होतात! परक्याच्या घराचे वर्णन करताना माणूस आपल्याच घरातील शब्द वापरतो, त्याचे हे उदाहरण.

याच मुळाचा ‘सँक्शन’ हा शब्द तर गमतीचाच आहे. कचेरीत अर्ज ‘सँक्शन’ झाला म्हणजे मंजुरी मिळाली, आणि एका देशाने दुसऱ्यावर ‘सँक्शन’ लादले म्हणजे बंदी घातली. परवानगी आणि मनाई एकाच शब्दाच्या पोटात. हे लक्षात असू द्या, पुढे उपयोगी पडेल.

पवित्र जागेत रक्त सांडू नये, हा संकेत जगात फार जुना आहे. त्यातून दुसरा अर्थ निघाला : आश्रय. मध्ययुगीन इंग्लंडात गुन्हा करून पळालेला माणूस चर्चच्या दारात पोहोचला की पाठलाग करणाऱ्यांना थांबावे लागे. डरहॅमच्या मोठ्या चर्चच्या दरवाजावर ब्राँझची कडी धरलेल्या एका भयानक प्राण्याचे तोंड आहे. मूळ कडी आता जपून ठेवली आहे आणि दारावर तिची प्रतिकृती आहे. ती कडी वाजवणाऱ्याला तेथे ३७ दिवस अभय मिळत असे. तेवढ्या अवधीत त्याने एक तर न्यायासनापुढे जावे, नाही तर देश सोडावा. १६२४ साली इंग्लंडच्या पार्लमेंटने हा हक्क रद्द केला. कायदा गेला तरी शब्द राहिला. १९८२ साली अमेरिकेत टूसॉन गावच्या एका चर्चने मध्य अमेरिकेतील यादवीतून पळून आलेल्या निर्वासितांना उघडपणे आश्रय दिला, तेव्हा त्या चळवळीचे नाव ‘सँक्च्युअरी’ हेच पडले. आज तेथे काही शहरे स्वतःला ‘सँक्च्युअरी सिटी’ म्हणवितात आणि त्यावरून मोठे राजकारण चालते. लांब कशाला जावे? वरोऱ्याजवळ बाबा आमट्यांनी कुष्ठरोग्यांसाठी आनंदवन उभे केले, ते या अर्थाने सँक्च्युअरीच होय. गावाने बाहेर काढलेल्या माणसाला तेथे दार उघडे होते.

तिसरा अर्थ पशुपक्ष्यांचा, आणि तो सर्वांत अलीकडचा. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात शिकारीने प्राणी संपू लागले तेव्हा इंग्रजांनी चर्चचा हा शब्द उचलून जंगलाला दिला. माणसाला मिळणारे अभय आता हरणाला. आपण त्याला ‘अभयारण्य’ म्हटले, आणि माझ्या मते मराठी शब्द इंग्रजीपेक्षा सरस आहे. त्याचे मूळही आपल्याकडे आहे. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात ‘अभयवन’ हा शब्द आला आहे. तेथील प्राणी मारणाऱ्याला सर्वांत मोठा दंड सांगितला आहे आणि अभयवनात शिरणाऱ्या कुटुंबवत्सल गृहस्थाला मधला. कौटिल्यासारख्या कठोर माणसालाही शिकारी आणि संसारी यांत फरक करावासा वाटला.

आता आपल्या ताडोब्याकडे येऊ. ‘वन्य प्राण्यांचे देवालय’ असे लिहिणाऱ्या त्या मुलाला आम्ही हसलो खरे, परंतु ताडोब्याच्या तळ्याकाठी मोठ्या झाडाखाली खरोखरच देवस्थान आहे. तारू नावाचा गावप्रमुख वाघाशी झुंजताना मेला आणि त्याचा देव झाला, अशी आदिवासी बांधवांची श्रद्धा. त्याच्यावरूनच ताडोबा हे नाव. पौष महिन्यात तेथे यात्रा भरत आली. या भागात १९३५ साली शिकारीला बंदी झाली, १९५५ साली ११६ चौरस किलोमीटरचे राष्ट्रीय उद्यान झाले, १९८६ साली त्याला लागून ५०८ चौरस किलोमीटरचे अंधारी अभयारण्य झाले आणि १९९५ साली दोहोंचा मिळून व्याघ्रप्रकल्प झाला. म्हणजे पाहा, वाघाने मारलेल्या माणसाचे देऊळ वाघाच्या अभयारण्याच्या पोटात आले. सँक्च्युअरीत सँक्च्युअरी. तळ्यापर्यंत जावयाचे तर आज फाटक आहे, परवाना आहे. पर्यटक जिप्सीत बसून, पैसे भरून तेथे पोहोचतो. तारूच्या लेकरांनाही त्याच फाटकाशी थांबून विचारावे लागते.

येथपर्यंत मी शब्दकोशाच्या आधाराने आलो. पुढचा दरवाजा मला आमच्या मोहल्ल्यातील एका मौलवीसाहेबांनी उघडून दिला. ते आता हयात नाहीत. मी त्यांना वर्गातील हकीकत सांगितली तेव्हा ते म्हणाले, “मास्तर, तुमच्या इंग्रजी शब्दाचा सख्खा भाऊ आपल्या घरात आहे. हरम.”

मक्का आणि मदिना यांना आपण हरमैन म्हणतो, दोन हरम. मराठी वर्तमानपत्रांनी या शब्दाचा अर्थ जनानखाना एवढाच करून ठेवला आहे, ते असो. हे, रे, मीम या तीन अक्षरांच्या मुळातून काय काय निघते ते पाहा. हरम म्हणजे पवित्र क्षेत्र. हराम म्हणजे निषिद्ध. एहराम म्हणजे हजचा वेष आणि त्या अवस्थेतील बंधने. त्या अवस्थेत जमिनीवरची शिकार मना आहे. मोहरम म्हणजे ज्यात लढाई मना तो महिना. हुरमत आणि एहतराम म्हणजे आदर. आणि शेवटी महरूम, म्हणजे वंचित, ज्याला मिळाले नाही तो. पावित्र्य, मनाई, आदर आणि वंचना ही एकाच घरची भावंडे आहेत. ‘सँक्शन’मध्ये जे घडले तेच येथे घडले. जागा पवित्र ठरली की कुंपण आले, आणि कुंपण आले की कोणी तरी बाहेर राहिला. माझ्या मागच्या बाकावरच्या मुलाने सँक्च्युअरीचा जो अर्थ सांगितला होता, तो ‘महरूम’चा अर्थ होता.

मक्केच्या हरमचे नियम तर अभयारण्याचेच नियम वाटावेत. मक्का फतह झाली, हिजरी ८ म्हणजे १६३० च्या नव्हे, ६३० सालची गोष्ट (संमेलनात माझी जीभ घसरली होती, ती येथे दुरुस्त करतो). त्या प्रसंगी प्रेषित मुहम्मद (स.) यांनी लोकांना सांगितले की या भूमीतील काटेरी झाडसुद्धा तोडू नये आणि येथील जनावराला हुसकावूही नये. तेव्हा हजरत अब्बास (र.) यांनी मध्येच विनंती केली की ‘इझखिर’ तेवढे वगळावे. इझखिर हे सुगंधी गवत, आपल्याकडच्या रोशा गवताच्या जातकुळीचे. लोहार-सोनारांच्या भट्टीला ते लागे, घराच्या छपराला लागे, कबरीतही लागे. आणि प्रेषितांनी (स.) ती विनंती तेथल्या तेथे मान्य केली. जगातील सर्वांत पवित्र भूमीच्या नियमाला गरिबाच्या छपराकरिता अपवाद झाला. हदीस ग्रंथांतील हा प्रसंग आपण मुलांना शिकवितो, पण त्याकडे या नजरेने मी तोवर पाहिले नव्हते.

दुसरी गोष्ट हजरत उमर (र.) यांची. सरकारी राखीव कुरणाला अरबीत ‘हिमा’ म्हणत. त्या कुरणावर नेमलेल्या माणसाला खलिफांनी बजावले की ज्याच्याजवळ थोडी उंटे, थोड्या शेळ्या आहेत त्याला आत येऊ दे. श्रीमंतांच्या कळपांना मात्र अडव, मग ते प्रेषितांचे थोर सोबती का असेनात. कारण सांगितले ते खलिफाच सांगू शकतो : श्रीमंताची जनावरे मेली तर तो आपल्या शेतीबागांकडे वळेल, गरिबाची मेली तर तो लेकरे घेऊन माझ्या दारात उभा राहील.

आपल्या कायद्यातही इझखिरला थोडी जागा आहे, हे न सांगणे अन्यायाचे होईल. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात १९९१ साली दुरुस्ती झाली. तिच्यानुसार अभयारण्यातील लोकांचे काही हक्क जिल्हाधिकाऱ्यांना मुख्य वन्यजीव रक्षकांच्या सल्ल्याने चालू ठेवता येतात. राष्ट्रीय उद्यानात ती सवलत नाही. मराठीत आपण दोन्हींना सरसकट ‘अभयारण्य’ म्हणतो, म्हणून हा फरक गावकऱ्याला कळत नाही आणि पुष्कळदा फाटकावरच्या शिपायालाही कळत नाही. २००६ च्या वनहक्क कायद्यानंतर धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) गावाला २००९ साली सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला आणि २०११ साली आपला बांबू विकण्याचे वाहतूक परवाने ग्रामसभेच्या हाती आले. मेंढा अभयारण्यात नाही, हे खरे. पण जंगल राखणे आणि जंगलावर जगणे या दोन गोष्टी एका गावात नांदू शकतात, एवढे तेथे जाऊन पाहता येते.

ताडोब्यातून बोटेझरी, नवेगाव (रामदेगी), जामणी ही गावे बाहेर आली. कुटुंबामागे १० लाख रुपये, २०२१ पासून १५ लाख, अशी योजना. बाहेर येऊन रस्ता, शाळा, वीज मिळाली आणि रात्रीची झोप मिळाली, असे सांगणारेही आहेत. त्यांना खोटे म्हणण्याचा अधिकार शहरात राहणाऱ्या मला नाही. कारण वाघाचे भय ही कवीकल्पना नव्हे. मे २०२५ मध्ये सिंदेवाही तालुक्यात तेंदूपाने तोडावयास गेलेल्या तीन स्त्रिया एकाच दिवशी वाघाच्या हल्ल्यात गेल्या. ती जागा व्याघ्रप्रकल्पाच्या आत नव्हती. अभय वाघाला मिळाले ते योग्यच झाले, त्याच्याशिवाय हे जंगल केव्हाच लाकडाच्या वखारीत गेले असते, आणि त्या वखारींपैकी काही आपल्याच लोकांच्या होत्या. परंतु त्या बायांना ‘अभय’ या शब्दातून काय मिळाले, याचे उत्तर मला कोणत्याही शब्दकोशात सापडत नाही.

तो मुलगा दहावीनंतर शहरात दिसला नाही. त्याच्या वहीत ‘सँक्च्युअरी’समोर ‘बंदी’ असे लिहिलेले मी लाल शाईने खोडले होते, एवढे मात्र पक्के आठवते. आपल्या शाळेत इंग्रजी शिकविणाऱ्या तरुण शिक्षकांना माझी विनंती एवढीच की असे उत्तर समोर आले तर पेन उचलण्यापूर्वी त्या मुलाला गाव कोणते ते विचारावे.