पोरगा घरी पैसे पाठवत होता, हे सिद्ध कसं करायचं?

आजचा विषय जड आहे, पण यातलं एक काम आज रात्रीच मोबाईलवर उरकता येतं, म्हणून ऐका. मी वकील नाही, कोड लिहितो. दर्यापूरकडचा आहे, आणि आमच्याकडून पुण्याला बांधकामावर जाणारे पोट्टे काही कमी नाहीत.

समजा, असाच एक २५ वर्षांचा, लग्न न झालेला पोट्टा स्लॅबवरून पडून गेला. अशा मृत्यूसाठी १९२३ चा कर्मचारी नुकसानभरपाई कायदा आहे. रक्कम सूत्रानं निघते: पगाराचा अर्धा भाग गुणिले वयाचा गुणांक. २५ व्या वर्षाला तो २१६.९१ आहे. पगार १५,००० धरला (२०२० पासून धरायची कमाल मर्यादा हीच) तर होतात १६,२६,८२५ रुपये.

पण हे पैसे वारसाला म्हणून मिळत नाहीत, 'अवलंबून असलेल्याला' मिळतात. गाडी इथंच अडते. तहसीलमधून वारस दाखला आणला की झालं, असं घरच्यांना वाटतं. तो दाखला नातं सांगतो. घर कोणाच्या पैशावर चालायचं, ते सांगत नाही.

विधवा बायको, अल्पवयीन मुलगा, अविवाहित मुलगी आणि विधवा आई यांनी नातं दाखवलं की पुरे. बाप जिवंत असेल तर मात्र बापालाही आणि आईलाही अवलंबून असल्याचं दाखवावं लागतं. म्हणजे कपाळावर कुंकू आहे म्हणून त्याच आईला जास्त पुरावा! मी हे कलम दोनदा वाचलं.

मग समोरचा वकील विचारतो, "सातबारा तुमच्या नावानं आहे ना? कापूस होतो ना?" आणि बाप ताठ मानेनं सांगतो, "हो साहेब, आम्ही कास्तकार आहो, कोनापुढं हात नाही पसरला." बस, हेच वाक्य त्याच्याविरुद्ध वापरलं जातं. पोराच्या पैशावर घर चालायचं, हे चारचौघांत म्हणणं आपल्याकडे फार जड जातं. कायदा मात्र पूर्ण अवलंबून असणं मागतच नाही, 'काही अंशी' चालतं. तीन एकर कोरडवाहू आहे, पण बियाण्याचे आणि आईच्या बीपीच्या गोळ्यांचे पैसे पोरगा पाठवायचा. मग तो बाप काही अंशी अवलंबूनच झाला. साक्षीत हे असंच सांगायचं, लाजायचं नाही.

आता पुरावा. कंत्राटदार पगार रोखीत देतो आणि अपघातानंतर हजेरीवही सापडत नाही. पण फोनपे, गूगल पेवरून घरी टाकलेले पैसे बँकेत नोंदलेले असतात. पोराचा फोन फुटला तरी ज्याच्या खात्यात पैसे आले, त्याचं स्टेटमेंट शाखेतून निघतं. घोळ वेगळाच आहे. आईकडे साधा फोन, म्हणून आपण पैसे भावाला टाकतो, नाहीतर गावातल्या किराणावाल्याला, आणि तो आईला रोख देतो. कागदावर आई कुठंच नाही! किराणावाल्याची साक्ष काढता येते, पण तो येईल तेव्हा खरं. म्हणून आज रात्रीपासून थेट आई-बाबांच्या खात्यावर टाका आणि नोटमध्ये 'घरखर्च', 'फवारणी', 'औषध' असं लिहा. इमोजी नको.

दाव्यासाठी पुण्याला खेटे घालायची गरज नाही. कुटुंब जिथं राहतं तिथं, म्हणजे अमरावती किंवा अकोल्याच्या कामगार न्यायालयात तो लावता येतो. मुदत २ वर्षं.

तेरवीला कंत्राटदार पाकीट घेऊन येतो आणि कागदावर सही मागतो, हे तुम्ही पाहिलं असेल. मृत्यूची भरपाई न्यायालयातल्या आयुक्ताकडेच जमा करावी लागते. परस्पर हातात दिलेले पैसे भरपाई धरले जात नाहीत. फक्त तीन महिन्यांच्या पगाराएवढी उचल त्यातून वजा होऊ शकते. म्हणजे सही झाली असली तरी दावा लावा.

दोन गोष्टी राहिल्या. पगारातून ईएसआय कापला जात असेल तर रस्ता वेगळा, तिथं कुटुंबाला दरमहा रक्कम मिळते. आणि अपघात २१ नोव्हेंबर २०२५ किंवा त्यानंतरचा असेल तर नवी सामाजिक सुरक्षा संहिता लागते. अवलंबितांची यादी तिथंही बरीचशी अशीच आहे, पण अर्ज कोणाकडे द्यायचा, ते आधी वकिलाला विचारून घ्या.