गाणे कुणाला का गोड लागते?
(विहाराच्या वर्धापनदिनी दिलेल्या भाषणाचा मजकूर)



समितीने आम्हाला गाण्यावर दोन शब्द बोलायला सांगितले. आम्ही काही गवई नव्हे. पण हा विषय का ठेवला ते तुम्हा-आम्हा सर्वांना ठाऊक आहे. चौदा एप्रिलच्या मिरवणुकीत काय वाजवायचे यावरून आपल्या वस्तीत दोन तट पडतात. वडीलधारे म्हणतात, पेटी-ढोलकी हवी, शाहिरी हवी. पोरं म्हणतात, डीजे हवा. बाप मिरवणुकीच्या पुढे आणि लेक मागे, असे चालतात. तेव्हा कोण बरोबर हे ठरवण्याआधी, माणसाला अमुकच गाणे का आवडते ते पाहू या.

पहिली गोष्ट अशी की, आवड रक्तातून येत नाही. बोलिव्हिया देशात चिमाने नावाचे आदिवासी राहतात. पाश्चात्त्य संगीत त्यांच्या कानावर फारसे गेलेले नाही. युरोप-अमेरिकेच्या माणसाला जे सूर एकत्र वाजले की गोड लागतात, आणि जे कर्कश लागतात, ते दोन्ही त्यांना ऐकवले. त्यांना दोन्ही सारखेच बरे वाटले. हा अभ्यास २०१६ साली 'नेचर' या नियतकालिकात आला. म्हणजे जे 'निसर्गतःच मधुर' म्हणून सांगितले जात होते, ते बरेचसे कानाच्या सवयीचे निघाले. आपल्या आजा-पणजाच्या गाण्याला 'हलके' म्हणणारेही असाच निसर्गाचा हवाला देत होते, हे विसरू नका.

सवय कधी लागते? तर आईच्या पोटात. पीटर हेपर या संशोधकांनी १९८८ साली एक गंमतीची गोष्ट प्रसिद्ध केली. गरोदरपणात ज्या बाया टीव्हीवरची एक मालिका नेमाने पाहत होत्या, त्यांची तान्ही बाळे त्या मालिकेची धून लागली की रडे थांबवून कान देत. आता बघा, आपल्या मायमाऊल्या दळताना, निवडताना, पाळणा हलवताना काय गुणगुणत होत्या? बाबासाहेबांचे नाव कळण्याआधी त्या नावाची चाल आपल्या कानात गेली होती.

पुढे दहा-बारा वर्षांपासून विशी-पंचविशीपर्यंत जे ऐकावे ते जन्मभर चिकटते, असे मानसशास्त्र सांगते. त्या वयात वडीलधाऱ्यांनी वामनदादा कर्डकांना मैदानात रात्रभर ऐकले. प्रल्हाद शिंद्यांची कॅसेट शेजारच्या घरात लागली की अख्खी चाळ गप्प बसायची. आजच्या पोराला तेच वय स्पीकरच्या भिंतीपुढे आले आहे. त्याचा काय दोष?

आणखी एक. मॉन्ट्रियलच्या संशोधकांनी २०११ साली दाखवले की, आवडीच्या गाण्यातली ती खास जागा येण्याच्या आधीच, नुसत्या वाट पाहण्यानेच, मेंदूत आनंदाचे रसायन स्रवू लागते. कव्वालीच्या मुकाबल्याला बसलेल्याला हे प्रयोगशाळेत जाऊन शिकावे लागत नाही! गायक ओळ अर्धी सोडतो, पुन्हा घेतो, टाळी थांबते, सगळे श्वास धरून बसतात, आणि मग शेवटचा शब्द पडतो. ती ओळ पूर्ण होणार हे सगळ्यांना आधीच ठाऊक असते. मजा तिथेच आहे.

पण नुसता कान नाही, इतिहासही ऐकतो. हलगी घ्या. गावगाड्यात दुसऱ्याच्या वरातीपुढे, पालखीपुढे वाजवणे हे कितीतरी घरांवर लादलेले काम होते. १९५६ च्या धर्मांतरानंतर अनेकांनी ते निर्धाराने सोडले. कनिष्ठ गाव वतनेही १९५८ च्या कायद्याने गेली. अशा घरातल्या म्हाताऱ्याला हलगीचा ठेका ऐकून लाचारी आठवत असेल, तर त्याला 'कला समजत नाही' म्हणू नये. आणि त्याचाच नातू आज तीच हलगी मोर्चात ताठ मानेने वाजवत असेल, तर तोही चुकत नाही. एकच ठेका दोघांना दोन गोष्टी सांगतो.

हुकूम काढून आवड बदलत नाही. १९५२ साली केंद्रीय मंत्री बा. वि. केसकरांनी आकाशवाणीवरून चित्रपटगीते जवळजवळ हद्दपार केली. लोकांनी काय केले? सुई रेडिओ सिलोनवर नेली. शेवटी १९५७ ला विविध भारती सुरू करावी लागली. आपली पेटी तरी कुठे सुटली? १९४० पासून सुमारे तीस वर्षे आकाशवाणीवर तिला बंदी होती. आज त्याच पेटीला आपण 'परंपरा' म्हणतो, आणि ती मुळात युरोपातून आलेली! वामनदादांची सुरुवातसुद्धा हिंदी सिनेमाच्या चालीवरच्या विडंबनगीताने झाली. तेव्हा 'फिल्मी चाल' म्हणून पोरांवर डोळे वटारताना जरा बेताने.

कुणी म्हणेल, अष्टशीलात गायन-वादन वर्ज्य आहे, मग विहारात ही चर्चा कशाला? ते व्रत उपोसथाच्या दिवसाचे. दीघ निकायातल्या सक्कपञ्ह सुत्तात पंचशिख वीणा वाजवून गातो, आणि भगवान त्याला सांगतात की तुझ्या तारांचा सूर गाण्याशी मिळतो आणि गाण्याचा सूर तारांशी. ते गाणे प्रेयसीला उद्देशून होते, बरं का!

आता तरुणांना एक रोखठोक. आवड आणि आवाज या दोन वेगळ्या बाबी आहेत. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत निवासी भागासाठी दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. खिडक्यांची तावदाने हादरतात तेव्हा गाण्याचा शब्दच ऐकू येत नाही, आणि भीमगीताचा जीव शब्दात आहे. चाल तुमची घ्या, ठेका तुमचा घ्या, पण शब्द कळू द्या.

आणि वडीलधाऱ्यांनाही एक विनंती. वामनदादा आणि प्रल्हाद शिंदे २००४ साली गेले, विठ्ठल उमप २०१० साली. त्यांचे काही ना काही जपलेले आहे. पण आपल्याच गल्लीत जे गाऊन गेले, ज्यांचे नाव कुठल्याही कॅसेटवर छापले गेले नाही, त्यांचे काय? ट्रंकेत पडलेल्या कॅसेटींना बुरशी लागली आहे, वह्या वाळवी खाते आहे. पोरांच्या आवडीवर बोलण्याआधी त्यांना ऐकवायला आपल्याकडे काय शिल्लक आहे ते तरी काढा.

समितीशी आमचे बोलणे झाले आहे. येत्या रविवारी वंदनेनंतर विहारात टेपरेकॉर्डर ठेवला जाईल. ज्यांच्याकडे जुन्या कॅसेटी, गाण्यांच्या वह्या असतील त्यांनी नाव लिहून आणाव्यात. डीजेवाली मुलेच त्या मोबाईलमध्ये उतरवून घेणार आहेत. ज्या आजींना पाळणे पाठ आहेत त्यांना कुणीतरी हात धरून घेऊन या. जयभीम!